मोरारजींची सुटका

इस्राएलच्या दक्षिणेत, बीरशेबातल्या ज्या मानसिक आरोग्य केंद्रात मी काम करते, तिथे मराठी येणारी मी एकटीच. त्यामुळे दिमोना, येरुहामकडचं कुणी म्हातारं बेने इस्राएली, म्हणजे कोकणातल्या मराठी ज्यूंपैकी, माणूस आलं, की त्याची फाइल आपसूक माझ्या टेबलावर येते. काकांचीही तशीच आली. (त्यांच्या परवानगीने लिहितेय, ओळख पटेल असे तपशील बदललेत.) वय ऐंशीच्या घरात, मूळ गाव अलिबागकडचं. 1964 साली इस्राएलला आले आणि दिमोनात कापडगिरणीत आयुष्य काढलं. बहीण वारल्यापासून झोप उडालेली, जेवण तुटलेलं. मुलाला सगळ्यात घोर लागला होता तो वेगळ्याच गोष्टीचा: योम किप्पुरला, म्हणजे ज्यूंच्या प्रायश्चित्ताच्या दिवशी, बाबा सिनेगॉगमध्ये, आमच्या प्रार्थनामंदिरात, गेले नाहीत. आमची जुनी माणसं त्याला दारफाळणीचा सण म्हणतात. वर्षभर तिकडे न फिरकणाराही त्या दिवशी उपास धरून जातो.

डॉक्टरांनी नैराश्य म्हणून गोळ्या सुरू केल्या होत्या. वियोगाचं दुःख म्हणावं, तर शिव्हाचे सात दिवस, श्लोशीमचे तीस दिवस, हे शोकाचे विधी सगळे काकांनी नीट पाळले होते. रडूनही झालं होतं. मला ते रडण्याचं दुखणं वाटेना. माणूस काहीतरी दाबून बसलाय असं वाटत होतं.

बऱ्याच भेटींनंतर एकदा ते खिडकीकडे बघत म्हणाले, "बाय, आयनं पाटल्या दिल्या होत्या."

बहीण त्यांच्या आधीच इथे आलेली, लग्न ठरलेलं. काका निघताना आईने चार पाटल्या, आठ तोळ्यांच्या, त्यांच्या हवाली केल्या, तिच्या हातात घाल म्हणून. इथे आले तर घरात काही नाही, बायको पोटुशी, वाळवंटातला उन्हाळा. पाटल्या त्यांनी बीरशेबातच विकल्या. घरात फ्रीज आला. बहिणीला सांगितलं, मुंबईला बंदरावर कस्टमवाल्यांनी काढून घेतल्या. थाप पटण्यासारखीच होती: मोरारजी देसाईंचं सुवर्णनियंत्रण 1963 च्या जानेवारीत लागू झालं होतं आणि सोन्याच्या नावाने गावोगावी शिमगा चालला होता. बहिणीचा भावावर विश्वास. त्यानंतर घरात कुठेही लग्न निघालं, मलिदा (आमचा नवस-आभाराचा विधी) झाला, की ती बांगड्या वाजवत म्हणायची, "माझ्या पाटल्या मोरारजीनं खाल्ल्या!" सगळे हसायचे. काकाही हसायचे. असं पन्नासहून जास्त वर्षं.

अशा वेळी काय करायचं हे आम्हाला शिकवलेलं असतं. तुम्ही तेव्हा पंचविशीच्या आतले होतात, परिस्थिती तशी होती, स्वतःला माफ करा. एका सहकाऱ्याने सुचवलं, समोर रिकामी खुर्ची ठेवून त्यात बहीण बसलीय असं समजून बोलायला लावा. मी काकांना विचारलं. ते चिडलेच. "मी मला माफ करणारा कोण? माल माझा होता काय?"

या वाक्यावर मी बराच विचार केला. मिश्ना या ज्यूंच्या जुन्या धर्मनियमसंग्रहातल्या योमा ग्रंथात स्पष्ट सांगितलंय की माणूस आणि देव यांच्यातली पापं योम किप्पुरला धुतली जातात, पण माणसामाणसांतली नाही, आधी त्या माणसाची समजूत काढायला हवी. समजूत काढायची ती तर गेली. काका सिनेगॉगमध्ये गेले नाहीत यात मुलाला आजार दिसत होता. मला दिसलं ते असं, की त्यांनी नियम बरोबर वाचला होता आणि आपल्याला आत जागा नाही असं ठरवून ते घरी बसले होते.

फ्रॉइड स्वतः ज्यू, पण 1907 च्या निबंधात त्यांनी धर्माला सार्वत्रिक मनोग्रस्ती, म्हणजे तेच तेच करायला लावणारा आजार, ठरवलं. त्यांच्याच व्हिएन्नात वाढलेल्या आणि आउशविट्झमधून जिवंत परतलेल्या मनोविकारतज्ज्ञ व्हिक्टर फ्रँकल यांनी मात्र वेदना आणि मृत्यूच्या जोडीला अपराध ठेवला: माणसाला टाळता न येणाऱ्या तीन गोष्टी. परिस्थितीचं कारण देऊन अपराध पुसला, की माणसाची माणूस म्हणून असलेली पत आपण काढून घेतो, असं त्यांचं म्हणणं. मी या बाबतीत फ्रँकलच्या बाजूची आहे. जेरुसलेमच्या हिब्रू विद्यापीठातले मोर्देखाय रोटेनबर्ग यांनी तर उपचाराची रीतच त्झिमत्झूमवर उभी केली. सोळाव्या शतकात सफेद नावाच्या गावातल्या ज्यू गूढवादी आयझॅक लुरियांनी मांडलेली ही कल्पना. जग निर्माण व्हायला जागा हवी, म्हणून देवाने स्वतःला आवरून घेतलं. रोटेनबर्ग म्हणतात, आईबापांनी, शिक्षकाने, उपचारकानेही समोरच्यासाठी तसंच आवरून घ्यावं. वाचायला छान वाटतं. प्रत्यक्षात त्याचा अर्थ इतकाच, की मी रिकामी खुर्ची बाजूला ठेवली आणि विचारलं, "काका, आपल्या धर्मात यावर काय सांगितलंय?"

त्यांना माहीत नव्हतं. ते सिनेगॉगमध्ये प्रार्थना चालवणाऱ्या हज्जानकडे गेले. हज्जानने रम्बामचा, म्हणजे बाराव्या शतकात इजिप्तमध्ये वैद्यकी करणाऱ्या मोशे बेन मायमोनचा, ग्रंथ काढला. तशुव्हाच्या, पश्चात्तापाच्या नियमांत नेमकं हेच प्रकरण आहे. ज्याचा अपराध केला तो मेला असेल, तर दहा माणसं त्याच्या कबरीपाशी न्यावीत आणि त्यांच्यासमोर काय केलं ते तोंडाने सांगावं. पैशाचं देणं असेल तर वारसांना द्यावं. काका चिठ्ठीवर लिहून घेऊन आले आणि माझ्यापुढे ठेवली, औषधाची चिठ्ठी दुकानदारापुढे ठेवावी तशी. "तू पण चल," म्हणाले. वरिष्ठांशी बोलून मी हो म्हटलं.

एलुल महिना होता, आपला भाद्रपद. दिमोनाहून मिनीबस आली. सकाळीच एकाचं गुडघेदुखीमुळे रद्द झालं, तेव्हा दहावा म्हणून मोरोक्कन ड्रायव्हरला खाली उतरवलं. मी होतेच, पण या मोजणीत बायका धरत नाहीत. भाचा आपल्या गाडीने आला. कशासाठी बोलावलंय हे त्याला काकांनी आदल्या रात्री फोनवर सांगितलं होतं. तो कबरीच्या दुसऱ्या बाजूला, हाताची घडी घालून उभा राहिला.

ठरलेलं हिब्रू वाक्य काकांनी कागदावरून वाचलं. वाक्यात अपराध सांगायची जागा आली तेव्हा त्यांनी कागद खिशात घातला आणि मराठीत सुरू केलं. "आयनं चार पाटल्या दिल्या. आठ तोळे. मी विकल्या. फ्रीज घेतला. तुला कस्टमचं खोटं सांगितलं. तू लोकांत बोलायचीस तवा मी पण हसायचो." शेवटच्या वाक्याला आवाज फुटला. पाटल्यांपेक्षा ते हसणंच जड होतं, हे मला तिथे उभं असताना कळलं. माझ्या खोलीतल्या भेटींत ते हे कधीच बोलले नव्हते.

रिवाजाप्रमाणे सगळ्यांनी तीनदा "माहुल लाख" म्हटलं, तुला क्षमा आहे. ड्रायव्हरला मराठीचं अक्षर कळलं नव्हतं, पण आवाज त्याचाच मोठा. भाचा गप्प. तेवढ्यात मागून कुणीतरी म्हातारा पुटपुटला, "म्हणजे मोरारजी सुटला म्हणायचा." कबरस्तानात हसू नये म्हणून सगळे खोकायला लागले. काका हसले. भाचा हसला नाही. काकांनी पुढे केलेला चेक त्याने घेतला आणि म्हणाला, "आईला पाटल्या हव्या होत्या. शेकेल नको होते." आणि निघून गेला.

केंद्रातल्या बैठकीत मला विचारलं गेलं, की मग सगळ्यांनाच कबरीवर पाठवणार का? मुळीच नाही. पाप झालं असेल या भीतीने तीच प्रार्थना पुन्हापुन्हा म्हणणारी माणसंही माझ्याकडे येतात. त्यांना असा विधी दिला तर उद्या ते दुसरा मागतील, कारण तिथे अपराध सापडतच नाही, नुसती भीती असते. काकांच्या बाबतीत वस्तू होती, वजन होतं, जिचं घेतलं ती होती आणि वारस होते. देणं खरं असेल तर ते समजुतीने फिटत नाही, आणि ते कुठे संपतं हे रम्बामने लिहून ठेवलंय, हा मला त्या नियमाचा मोठा गुण वाटतो.

काका त्या वर्षी दारफाळणीच्या सणाला सिनेगॉगमध्ये गेले. झोप सुधारली, पण पहाटे चारला अजून जाग येते, आणि डॉक्टरांनी गोळी निम्मी केलीय, बंद केलेली नाही. भाच्याने चेक बँकेत टाकलेला नाही. काका दर भेटीत खातं तपासून मला सांगतात, पैसे तसेच आहेत म्हणून. त्यावर पाच मिनिटं बोलतो. उरलेला वेळ आता गुडघ्यांवर जातो.