कीबोर्ड उघडण्याआधी सर्किट डायग्रॅम उघडावा

बेळगावच्या उद्यमबागेत एखाद्या जुन्या मशीनचे पॅनेल उघडले, की दाराच्या आतल्या बाजूला तेलकट बोटांचे ठसे उमटलेला सर्किट डायग्रॅम बहुधा सापडतो, आणि अनुभवी वायरमन टेस्टर हातात घेण्याआधी तो वाचतो. जुन्या संगणकांच्या कीबोर्डच्या बाबतीत ही शिस्त फार थोडे लोक पाळतात. कळ चालेनाशी झाली, की थेट स्क्रू काढायला सुरुवात होते.

हे लिहावेसे वाटले, ते खानापूरच्या एका स्नेह्यांच्या कमोडोर ६४ मुळे. १९८२ साली बाजारात आलेल्या प्रकारचा हा संगणक त्यांच्या काकांनी आखातातून येताना आणला होता. त्यावरच्या ७, ८, वाय, यू, जी, एच, व्ही आणि बी एवढ्या कळा बंद होत्या. या सगळ्या कीबोर्डच्या मधोमध एकमेकींना लागून असल्यामुळे कधीतरी चहा सांडला असणार, असा घरच्यांचा समज झाला होता. परंतु त्यांच्या एका बाजूच्या ६, टी, एफ आणि दुसऱ्या बाजूच्या ९, जे, एन या लगतच्या कळा व्यवस्थित चालत होत्या, आणि सांडलेला चहा इतकी रेखीव हद्द पाळत नाही.

या संगणकाच्या ६६ कळांपैकी ६४ कळा आठ आडव्या आणि आठ उभ्या तारांच्या जाळ्यावर बसवलेल्या आहेत. उरलेल्या दोहोंपैकी शिफ्ट लॉक ही डाव्या शिफ्टला समांतर जोडलेली असते आणि रिस्टोअरची वाट पूर्णपणे वेगळी असते. ६५२६ क्रमांकाच्या चिपला या तारा पोर्ट ए आणि पोर्ट बी अशा आठ-आठच्या दोन गटांत जोडलेल्या असतात; ती पोर्ट ए ची एकेक तार शून्य व्होल्टपर्यंत खाली आणते आणि त्या क्षणी पोर्ट बी ची कोणती तार खाली आली हे पाहून दाबलेली कळ ओळखली जाते. सेकंदाला सुमारे साठ वेळा ही तपासणी होते. डायग्रॅममध्ये पाहिले, तर बंद पडलेल्या आठही कळा पीए ३ या पोर्ट ए च्या एकाच तारेवर आहेत. आठ कळा एकदम बिघडण्यापेक्षा ती एक तार तुटण्याची शक्यता कितीतरी अधिक होती.

मात्र दोष तारेत आहे की चिपमध्ये, हे ठरवणे आवश्यक होते, आणि इथे डायग्रॅमचे खरे मोल कळते. जॉयस्टिकच्या दोन सॉकेटपैकी दुसऱ्यातल्या जॉयस्टिकची ‘उजवीकडे’ ही खूण याच पीए ३ वर येते. जॉयस्टिक लावून उजवीकडे वळवली असता खेळातली आकृती उजवीकडे सरकली, म्हणजे चिपवरचा संशय बराच कमी झाला. मग कीबोर्डच्या तारांच्या वीसपिनी कनेक्टरच्या १७ व्या पिनवर मल्टिमीटरचे एक टोक ठेवले आणि दुसरे कीबोर्डच्या सर्किटच्या पट्टीवर त्या तारेच्या सोल्डरवर टेकवले. बीप वाजला नाही, म्हणजे मध्ये कुठेतरी जोडणी तुटली होती. तार वरून अखंड दिसत होती, पण चिमट्याने हलकेच ओढताच सोल्डरलगतचे आवरण लांबले आणि आत हिरवट पडलेले तांब्याचे तुटके धागे दिसले. खानापूरच्या पावसाळ्यात इतकी वर्षे काढलेल्या तांब्याचे असे होणे स्वाभाविक आहे. टोक कापून, स्वच्छ तांबे उघडे करून पुन्हा सोल्डर केल्यावर आठही कळा चालू झाल्या. पट्टीमागचे बारीक स्क्रू काढण्याची, शिफ्ट लॉकच्या दोन तारा सोडवण्याची किंवा कळांखालचे कार्बनचे ठिपके पुसण्याची गरजच पडली नाही. चाळीस वर्षांच्या प्लॅस्टिकला जितका कमी हात लागेल तितके बरे, असे माझे ठाम मत आहे.

याच डायग्रॅमवरून आणखी एक गोष्ट लक्षात येते. पहिल्या सॉकेटमधली जॉयस्टिक पोर्ट बी च्या तारांवर असल्यामुळे तिचे बटण दाबले, तर संगणक ती स्पेसची कळ समजतो. म्हणून पडद्यावर आपोआप मोकळ्या जागा किंवा अक्षरे उमटू लागली, तर कीबोर्डला दोष देण्याआधी ती जॉयस्टिक काढून पाहावी.