सार्मिझेजेतुसा दोन आहेत, गाडी ठरवताना लक्षात ठेवा

रोमानियात सार्मिझेजेतुसा नावाच्या दोन जागा आहेत. गाडीवाल्याला नुसतं ‘सार्मिझेजेतुसा’ सांगितलंत तर तो तुम्हाला नको त्या जागी नेऊन सोडेल आणि पैसे मात्र पूर्ण घेईल. एक आहे सार्मिझेजेतुसा रेजिया. ही ओरश्तिए डोंगरात, सुमारे १२०० मीटर उंचीवर, दाची लोकांचा (रोमनांच्या आधी इथे राज्य करणाऱ्यांचा) राजा देचेबाल, त्याची राजधानी. दुसरी उल्पिया ट्रायाना सार्मिझेजेतुसा. देचेबालचा पाडाव झाल्यावर रोमनांनी हात्सेगच्या सपाटीवर स्वतःचं शहर वसवलं आणि हरलेल्याच्या राजधानीचं नाव त्याला दिलं. आजचं सार्मिझेजेतुसा गाव या दुसऱ्या जागेवर आहे, त्यामुळे मोबाईलचा नकाशाही तिकडेच ओढतो. मध्ये अख्खा डोंगर आहे.

आम्ही निघालो होतो रोमानियन दिग्दर्शक सेर्जिउ निकोलाएस्कुच्या सिनेमांच्या मागावर. ज्यांनी त्याचं नाव ऐकलेलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: १९३० साली तिर्गु जिऊमध्ये जन्म, बुखारेस्टच्या पॉलिटेक्निकचा इंजिनियर, मग बुखारेस्टजवळच्या बुफ्त्याच्या सिनेमा स्टुडिओत तांत्रिक कामं, लघुपट, आणि १९६७ साली पहिलाच मोठा सिनेमा ‘दाची’. फ्रान्सबरोबरची निर्मिती, पडद्यावर हजारोंची फौज. १९७१ मध्ये ‘मिहाई वितेआझुल’, इ.स. १६०० च्या सुमारास तीन प्रांत एकत्र करणाऱ्या मिहाई राजावरचा. पुढे पोलिसपट, युद्धपट, स्वतःच्या सिनेमांत स्वतः नायक, १९८९ च्या कम्युनिस्ट राजवटीविरुद्धच्या उठावात टीव्ही केंद्रातली हजेरी, नंतर सिनेटर. २०१३ च्या जानेवारीत गेला. ऐतिहासिक साहसपटांत रोमानियात त्याच्या तोडीचा दुसरा कोणी नाही, असं माझं स्पष्ट मत आहे. म्हणूनच त्याने पडद्यावर उभा केलेला इतिहास जिथे घडला त्या जागा पायाखालून घालायच्या होत्या.

देवा शहरातून एका दलालामार्फत गाडी घेतली. देचेबालचा गड, डोंगरातला, जंगलातला, असं सगळं सांगून झालं होतं. मोबाईलवर फोटोही दाखवला होता. गाडी तासाभराने थांबली ती सपाट शेतांच्या मध्ये, रोमन प्रेक्षागाराच्या भिंतीपाशी. चालकाचं म्हणणं एकच: तुम्ही सार्मिझेजेतुसा म्हणालात, ही सार्मिझेजेतुसा. दलालाला फोन लावला तर त्याने डोंगरातल्या जागेसाठी नवं भाडं सांगितलं, ठरल्यापेक्षा जास्त, वर तिथे थांबण्याचे वेगळे. एका लेउचे (तिथलं चलन) साधारण २० रुपये धरा, म्हणजे आकडा किती फुगला ते कळेल. आम्ही वाद घातला, वेळ गेला, ऑक्टोबरमधला लहान दिवस आणखी लहान झाला आणि शेवटी पैसे मोजले. त्या गावातून संध्याकाळच्या आत परत फिरायचा दुसरा उपाय दिसत नव्हता.

पुढे जाणाऱ्यांनी एवढं करावंच. देवाहून गाडी घेऊ नका. रेल्वेने ओरश्तिएला उतरा आणि तिथून गाडी ठरवा. ठिकाणाचं नाव ‘ग्रदिश्त्या दे मुंते’ असं लिहून द्या, कारण त्या नावाने घोळ होत नाही. जाणं, येणं आणि वर किमान तीन तास थांबणं, या सगळ्याचा एकच आकडा मेसेजमध्ये लिहून घ्या. तोंडी काही ठरवू नका. स्वतः गाडी चालवत असाल तर हे काहीच लागत नाही, कोस्तेश्तीवरून नदीकाठाने सरळ आत जायचं. पण रस्ता अरुंद आहे, समोरून लाकडांचे ट्रक येतात आणि मागे घ्यायची वेळ नेहमी तुमच्यावर येते. आत आम्हाला रेंज मिळाली नाही, नकाशा आधीच उतरवून ठेवा.

वाहनतळापासून वर चढण आहे. ट्रेकची सवय असलेल्यांना ती चढण वाटणारही नाही. खरा त्रास देतो तो वाटेतला ब्लिदारू. कोस्तेश्तीजवळून या दाची किल्ल्यावर पायवाट जाते, आणि पावसानंतर ती वाट म्हणजे बीच झाडांच्या कुजलेल्या पानांखाली लपलेला चिखल. सरळ उभी चढण, धरायला काही नाही, पानांखाली दगड आहे की खड्डा ते पाय ठेवल्यावरच कळतं. चढताना कसंबसं जमलं, उतरताना बहुतेक वाट बसून उतरलो. चांगल्या पकडीचे बूट आणि काठी नसेल तर पावसाळी दिवसांत ब्लिदारू सोडून द्या. ज्यांनी आम्हाला ही वाट ‘कुटुंबासाठी सोपी’ म्हणून सुचवली त्यांनी ती कोरड्या उन्हाळ्यातच पाहिली असणार. या डोंगरांत अस्वलं आहेत, म्हणून संध्याकाळी जंगलात रेंगाळू नका आणि बोलत चाला.

आणि आता रेजिया. भाडं, चिखल, वाद, सगळं वसूल. युनेस्कोने १९९९ मध्ये या डोंगरातले दाची किल्ले जागतिक वारशात घेतले, पण तिथे पोचल्यावर युनेस्को आठवत नाही. चुनखडीच्या फरशांची वाट जंगलातून खाली देवस्थानांच्या गच्चीवर उतरते. मोठ्या गोल देवळाच्या खांबांच्या जागी लाकडी बुंधे उभे केलेत, आणि बाजूला जमिनीसपाट पडलेला अँडेसाईट या ज्वालामुखी दगडाचा सूर्य, सुमारे ७ मीटर व्यासाची दगडी चकती, पाकळ्यांसारखे कापलेले किरण. सिनेमात दिसते तशी तटबंदी आणि बुरूज शोधायला गेलात तर निराश व्हाल. रोमनांनी इ.स. १०६ च्या सुमारास सगळं पाडलं, उरलं ते जोत्याइतकं.

तरी ‘दाची’ पाहून इथे या, हा माझा आग्रह आहे. त्या सिनेमाचा कणा आहे देचेबालच्या मुलाचं बलिदान. दाची लोक आपला निरोप्या भाल्यांवर टाकून झाल्मोक्सिस देवाकडे पाठवत, ही गोष्ट ग्रीक इतिहासकार हिरोडोटसने लिहून ठेवली आहे. पटकथाकार तितुस पोपोविचने ती बापलेकावर आणली आणि निकोलाएस्कुने तो प्रसंग इतका थंडपणे घेतला की देचेबाल झालेल्या आम्झा पेल्याचा चेहरा विसरता येत नाही. सिनेमात समोर आहे सम्राट डोमिशियनचं रोम, देचेबालला हरवणाऱ्या ट्राजनचं नाही, हे लक्षात ठेवून पाहा, म्हणजे शेवट अर्धवट वाटणार नाही. ज्याचा विध्वंस इथे दिसतो तो ट्राजनचा काळ, ‘कोलुम्ना’ नावाच्या सिनेमात, आणि त्याचा दिग्दर्शक दुसरा: मिर्चा द्रगान. त्या गच्चीवर उभं राहिल्यावर वाटलं की निकोलाएस्कु नुसत्या गर्दीच्या जोरावर मोठा झाला नव्हता. हे मी आनंदाच्या भरात लिहितोय हे मान्य, पण मत बदलणार नाही.

मिहाईच्या मागावर गेलो त्या आल्बा युलिया शहरातले दिवस छान गेले, रस्ते सपाट, जेवण चांगलं, त्यावर लिहिण्यासारखं फार नाही. एक मात्र सांगायला हवं, कारण माहितीफलक बघायच्या आधी फोटोच काढले जातात: तिथला ताऱ्याच्या आकाराचा भव्य किल्ला मिहाईने पाहिलेलाच नाही. तो १८ व्या शतकात ऑस्ट्रियाच्या हाब्सबुर्ग राजघराण्याने बांधला. मिहाई १ नोव्हेंबर १५९९ ला शहरात शिरला तेव्हाचा कोट वेगळा होता. किल्ल्यातला घोड्यावरचा मिहाईचा पुतळा ओस्कार हानचा, १९६८ चा, म्हणजे सिनेमाच्या तीनच वर्षं आधीचा. हुकूमशहा चाउशेस्कूच्या कम्युनिस्ट राजवटीला तीन प्रांत एकत्र करणारा राजा हवाच होता. पुतळा त्याच काळातला, सिनेमासाठी लष्कराने दिलेले हजारो सैनिकही त्याच काळातले. निकोलाएस्कुला ती फौज फुकट मिळाली नाही, राज्याला हवा तसा मिहाई द्यावा लागला. पण लढाई कशी दाखवायची हे त्याला कुणी शिकवलेलं नव्हतं. दलदलीत अडकलेला घोडा, पुलावरची चेंगराचेंगरी, हे सगळं त्याचं.

सिनेमातल्या त्या पुलावरच्या लढाईची खरी जागा कलुगरेनी, बुखारेस्टच्या दक्षिणेला जुर्जुच्या रस्त्यावर. २३ ऑगस्ट १५९५ ला नेयाज्लोव नदीच्या पुलापाशी मिहाईने सिनान पाशाच्या तुर्की सेनेला रोखलं. आज तिथे पूल, स्मारक आणि अवजड वाहनांची रांग आहे. उतरायला नीट जागा नाही, रस्ता ओलांडताना जीव मुठीत धरावा लागतो. यासाठी वेगळा दिवस काढू नका. बल्गेरियाकडे जाणार असाल तर वाटेत दहा मिनिटं थांबा, पुरे. बुफ्त्याचा स्टुडिओ ही कामाची जागा आहे, ओळख किंवा परवानगी नसेल तर शहरातून एवढ्या लांब येऊ नका. तिर्गु जिऊला जायचं तर शिल्पकार ब्रांकुशीच्या अनंत स्तंभासाठी जा, निकोलाएस्कुसाठी नको.

सिनेमांचा क्रम: निघण्यापूर्वी ‘दाची’ आणि ‘मिहाई वितेआझुल’चे दोन्ही भाग, जमलं तर १९७४ चा ‘नेमुरितोरी’, म्हणजे मिहाईनंतर उरलेल्या शिलेदारांची गोष्ट. १९८९ चा ‘मिर्चा’, ज्यात राजा तो स्वतःच आहे, वगळला तरी चालेल. तोवर कॅमेऱ्यासमोरचा निकोलाएस्कु कॅमेऱ्यामागच्यावर भारी झाला होता.

व्हिसाचं सोपं झालंय: १ जानेवारी २०२५ पासून रोमानिया पूर्ण शेंगेनमध्ये (युरोपातल्या सामायिक व्हिसाच्या देशांत) आहे, एकच व्हिसा चालतो. मे ते सप्टेंबरच्या मध्यापर्यंत जा. ऑक्टोबरात जायचंच असेल तर रेजियाला सकाळी दहाच्या आत वर असायला हवं, आणि ब्लिदारू त्याच दिवशी करू नका.