वाचननोंद : ललित निबंध, सध्या संथ लयीत

पानांची संख्या घटलीय, पण हाती पूर्वीपेक्षा जास्त लागतंय. निसर्गावरचे चिंतनपर निबंध आता एका बैठकीला एकच वाचते, तोही मोठ्याने. अमेरिकन निबंधकार इमर्सनचा 'नेचर' (1836) मला तसाच उलगडला. त्याचं एकेक वाक्य स्वयंपूर्ण असतं. दोन वाक्यांतला दुवा आपणच शोधायचा.

खरी गुंतले ती अमेरिकन लेखक थोरोच्या 'वॉल्डन'मध्ये, वॉल्डन तळ्याची खोली मोजण्याच्या भागात. या तळ्याला तळच नाही, अशी लोकांची समजूत. थोरोने 1846 च्या सुरुवातीला, तळं गोठलेलं असताना, त्याची मोजणी केली. दोरीला दीडेक पौंडाचा दगड बांधून खोली काढली : 102 फूट. मग नकाशा मांडल्यावर त्याला दिसलं, की सर्वांत लांब रेषा आणि सर्वांत रुंद रेषा जिथे छेदतात, तिथेच तळं सर्वांत खोल आहे. हाच नियम तो माणसाच्या स्वभावाला लावून बघतो. आधी दगड तळाला टेकलाय, म्हणून पुढचं चिंतन मला पटतं. सौंदर्य, शांती, आत्मबळ असे शब्द नुसते उधळणारे निबंध मी हल्ली अर्ध्यातच मिटते.

रोमन सम्राट मार्कस ऑरेलियसच्या 'मेडिटेशन्स'मध्येही तीच बारीक नजर सापडली. तिसऱ्या भागाच्या सुरुवातीलाच तो भाजताना पावाला पडणाऱ्या भेगांबद्दल लिहितो. त्या भाजणाऱ्याने मुद्दाम पाडलेल्या नसतात, तरी त्यांनीच भूक चाळवते. पिकून उललेलं अंजीर, गळायच्या बेतातलं ऑलिव्ह, खाली वाकलेली कणसं, सगळ्यांत त्याला देखणेपण दिसतं. हा सम्राट मोहिमांच्या धामधुमीत स्वतःसाठी टिपणं काढत होता आणि मरणाची भीती नको, हे स्वतःला पुन्हापुन्हा बजावत होता. गळणाऱ्या फळात सौंदर्य बघू शकणाऱ्यालाच ते बजावणं पेलत असावं. हा उतारा मी वहीत उतरवून घेतलाय.

दुर्गा भागवतांचं 'ऋतुचक्र' मात्र सलग वाचणार नाही. ज्या महिन्याचा निबंध, त्याच महिन्यात वाचायचा, असं ठरवलंय. 'वॉल्डन' मराठीत आणलं तेही दुर्गाबाईंनीच, 'वॉल्डनकाठी विचारविहार' या नावाने. पुढच्या टप्प्यात तळ्याचा तोच भाग त्यांच्या मराठीत मोठ्याने वाचायचाय. कुणी दोन्ही शेजारी ठेवून वाचलं असेल, तर कुठे थांबलात ते जरूर सांगा.