अम्मानं आधीच सांगितलं होतं

'पोकिरी' हा तेलुगू सिनेमा पाहिला तेव्हा मला त्या भाषेतले मोजून सात-आठ शब्द येत होते, आणि त्यातल्या निम्म्या शिव्या होत्या. २००६ सालचा मे महिना. सोलापुरात मे महिन्यात दुपारी बाहेर पडणारा माणूस एकतर वेडा असतो किंवा मॅटिनीला चाललेला असतो.

मित्राचं घर पूर्व भागात. खाली टॉवेलचा कारखाना म्हणजे चार माग, वर दोन खोल्या. त्या खडखडाटात वाढल्यामुळे घरातले सगळेच मोठ्यानं बोलायचे. त्याची आई दारात सूप मांडीवर घेऊन विड्या वळायची. अख्खी गल्ली तिला अम्मा म्हणायची, म्हणून मीही. तेलंगणातून आलेल्या पद्मशाली विणकरांची ही वस्ती. पिढ्या उलटल्या तरी घरात तेलुगू आणि उंबऱ्याबाहेर मराठी. सोलापुरात तेलुगू सिनेमा लागतो आणि त्याला गर्दी होते, हे पुण्यातल्या लोकांना अजून खरं वाटत नाही.

अम्मानं सिनेमा आधीच एकदा पाहिलेला. मला भाषा येत नाही म्हणून ती मुद्दाम माझ्या शेजारी बसली. पडद्यावर हिरो महेश बाबू कुणालातरी बडवत होता, मी नीट सावरून बसतोय तोच ती कानाशी येऊन म्हणाली, "बघ रा, त्यो गुंड न्हाई. पोलीस हाय."

संपला सिनेमा! मित्र पलीकडून ओरडला, "अम्मा!" तर ती म्हणते, "पोराला कळंना म्हणून सांगितलं बे."

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी (आता वीस वर्षं झाली, लपवण्यासारखं काही उरलेलं नाही): पुरी जगन्नाथच्या या सिनेमात पंडू नावाचा मवाली पैसे घेऊन टोळ्यांसाठी मारामाऱ्या करतो. पोकिरी म्हणजे मवालीच. तो कृष्ण मनोहर नावाचा आयपीएस अधिकारी आहे आणि टोळीत मुद्दाम घुसलाय, हे अगदी शेवटाकडे कळतं. टोळी त्याच्या बापाचा खून करते, बापाचा खरा पोरगा येईल म्हणून वाट बघत बसते, आणि समोर येतो पंडू. आमच्या थिएटरात त्या क्षणी शिट्ट्या आणि कागदाचे कपटे यांनी पडदा दिसेनासा झाला.

मला धक्का वगैरे काही बसला नाही. कसा बसणार? पण मी बाकीच्यांपेक्षा वेगळाच सिनेमा पाहत होतो. आशिष विद्यार्थीचा इन्स्पेक्टर पशुपती नायिकेच्या घरात घुसून तिच्या आईसमोर नको ते बोलतो. तिचं कुठे लग्न जमू नये म्हणून तिच्यावर गुंड घालतो. प्रेक्षक वाट बघत होते, पंडू याला कधी तुडवतो. मला मात्र प्रश्न पडलेला की हा स्वतः पोलीस आहे, याला सगळं माहीत आहे, तरी हा वर्दीतल्या माणसाला शेवटपर्यंत शिल्लक ठेवतोच कसा? एका पोरीची अब्रू आणि एक सरकारी गुपित यांत तो गुपित निवडतो. या प्रश्नाला सिनेमा हात लावत नाही. पण महेश बाबूचा तो गप्प, दगडासारखा चेहरा बघताना वाटायचं, याला तरी ते टोचत असावं. त्या चेहऱ्यासाठी मी हा सिनेमा नंतर चारदा पाहिला. ब्रह्मानंदम आणि अली या नटांच्या विनोदाला दर वेळी पाणी प्यायला उठलो.

पोलीस कमिशनर पडद्यावर आला तेव्हा मी एकट्यानंच शिट्टी मारली. साताऱ्याचा सयाजी शिंदे! अम्मा म्हणाली, "हिरो बी तुमचाच जावई हाय." महेश बाबूनं आदल्याच वर्षी नम्रता शिरोडकरशी लग्न केलं होतं. म्हणजे जुन्या 'ब्रह्मचारी' सिनेमातल्या मीनाक्षी शिरोडकरांचा नातजावई. सोलापूरच्या त्या थिएटरात मला उगाचच यजमान असल्यासारखं वाटलं.

मग २००९. मी पुण्यात नोकरीला, कोथरूडला तिघांत एक खोली. स्वाइन फ्लूचं साल. ऑगस्टात थिएटरं काही दिवस बंदच होती, सप्टेंबरात लोक तोंडाला रुमाल बांधून सिनेमाला येत होते. ईदच्या आधीच्या शुक्रवारी 'वॉन्टेड' लागला. प्रभुदेवानं हाच सिनेमा २००७ मध्ये विजयला घेऊन तमिळमध्ये केला होता, आता सलमानला घेऊन हिंदीत. हिंदीतलं त्याचं पहिलंच दिग्दर्शन. प्रकाश राज तिन्हीकडे खलनायक. तेलुगू-तमिळमध्ये अली भाई, हिंदीत गनी भाई. तोच माणूस तिसऱ्यांदा मरायला आला म्हणून मला त्याचं कौतुक वाटलं आणि थोडी कीवही आली.

पशुपतीचा इथे इन्स्पेक्टर तळपदे झालेला, म्हणजे सिनेमात 'तलपडे', कारण हिंदीला 'ळ' झेपत नाही. भूमिका महेश मांजरेकरची. गोष्ट मुंबईत आली की भ्रष्ट इन्स्पेक्टर मराठी आडनावाचा होणारच, त्याबद्दल तक्रार नाही. पण पशुपती मला परका वाटला होता. तळपदे ओळखीचा वाटला. पान खाऊन जिन्यात उभा राहणारा, "काय वहिनी" म्हणत दारात घुटमळणारा असा माणूस आपल्या प्रत्येकाच्या चाळीत एक असतो. मी त्याला तेलुगूतल्या पशुपतीपेक्षा जास्त घाबरलो. या रिमेकमधली माझ्या मते खरी कमाई तीच. (याच मांजरेकरनं 'वास्तव'मध्ये नम्रता शिरोडकरला दिग्दर्शित केलं होतं. आपल्याकडे सगळे सगळ्यांचे कोणीतरी लागतात.)

संवादाचं सांगतो. हिंदीतला कमिटमेंटचा संवाद रिक्षांच्या मागे लिहिलेला तुम्ही वाचलाच असेल. 'एक बार जो मैंने कमिटमेंट कर दी' इथपासून सुरू होतो आणि स्वतःचं न ऐकण्यापर्यंत चांगला ऐसपैस फिरून येतो. मूळ तेलुगू असं: 'ओक्कसारि कमिट अय्यिते ना माट नेने विननु.' एका दमात. अम्मानं अंधारात त्याचं मराठी केलं होतं, "एकदा बोललो तर माझं मीच ऐकत न्हाई." तिन्हींत मला अम्माचं सगळ्यात आवडतं, कारण त्यात 'कमिट'सुद्धा नाही.

सलमान? तो मजा आणतो, नाही कशाला म्हणू. पण महेश बाबू पहिल्या तासात खरोखर गुंड वाटतो, डोळ्यांत कसलीच माया नसलेला. सलमान पहिल्या फ्रेमपासून सलमान असतो. तो गुंड राधे आहे की पोलीस राजवीर शेखावत, कुणाला काय पडलंय? गौप्यस्फोटाच्या वेळी आमच्या थिएटरात शिट्ट्या पडल्या, पण त्या त्याच्या एंट्रीपेक्षा कमीच होत्या. विनोद खन्ना बापाच्या भूमिकेत मरतो तेव्हा मात्र पुढच्या रांगेत कुणीतरी नाक ओढलं. फ्लूमुळे सगळे त्याच्याकडे वळून बघायला लागले.

आणि हो, पंधराव्या मिनिटाला मी शेजारच्या रूम पार्टनरच्या कानाशी गेलो आणि म्हणालो, "तो पोलीस आहे." परतीच्या वाटेवर तो माझ्याशी बोलला नाही. भेळेचे पैसेही मीच दिले.

मित्र आता हैदराबादला असतो. २०२२ च्या ऑगस्टात महेश बाबूच्या वाढदिवसाला 'पोकिरी'चे खास खेळ लागले, तेव्हा त्यानं आतून व्हिडिओ पाठवला. लोक इतके ओरडत होते की संवाद ऐकूच येत नव्हता. सगळे तो स्वतःच म्हणत होते. अम्मा त्याच्या शेजारी कानाला पदर लावून बसलेली.

रात्री फोन केला. विचारलं, अम्मा, हिंदीतला पाहिलास का कधी?

"टीव्हीवर बघितलं की."

"मग?"

"त्यो पोलीस हाय हे सांगायला कुणी लागतंय व्हय त्यात?"

मग जेवलास का विचारलं आणि फोन पोराकडे दिला.