ताप उतरला, पण होता कशाचा?

मी विदर्भातल्या एका तालुक्याच्या गावी, छोट्या हॉस्पिटलला लागून असलेल्या लॅबमध्ये टेक्निशियन आहे. पाऊस उघडत आला की सप्टेंबर-ऑक्टोबरात तापाचे पेशंट एवढे येतात की सकाळचा डबा चार वाजता उघडतो. बहुतेकांच्या चिठ्ठीवर तेच ते असतं, सीबीसी, मलेरिया, डेंग्यू, विडाल. त्यातली विडाल ही टायफॉईडसाठीची टेस्ट गेली कित्येक वर्षं माझ्या डोक्यात बसलीय आणि या सीझनच्या एका केसने तर मला झोपू दिलं नाही, म्हणून लिहितोय.

बाई पंचेचाळीसच्या आसपास, सोयाबीन सोंगायला रोज वावरात जाणाऱ्या. आठवडाभर ताप, डोकं फुटतंय, अंग दुखतंय. सोबत सून. विडाल आली ओ १:१६०, एच १:१६०. सुनेने रिपोर्ट घेतला आणि म्हणाली, "टायफाईड निंघाला का जी?" मी म्हटलं डॉक्टर सांगतील. पण तिचा चेहरा तेव्हाच सैल झाला होता. हे मी रोज बघतो, आजाराला नाव मिळालं की घरचे अर्धे बरे होतात, आणि काहीच निघालं नाही असं सांगितलं तर नाराज होऊन दुसऱ्या लॅबला जातात.

आता विडालबद्दल थोडं सांगतो, कारण बाहेरच्यांना वाटतं टेस्ट म्हणजे मशीनमध्ये रक्त टाकलं की आजाराचं नाव छापून येतं. विडाल या फ्रेंच डॉक्टरने १८९६ साली ही टेस्ट आणली. काचेच्या स्लाईडवर पेशंटचं सीरम, त्यावर अँटिजेनचा, म्हणजे टायफॉईडच्या जंतूपासून बनवलेल्या द्रावाचा एक थेंब (ओ आणि एच हे त्याचेच दोन प्रकार), काडीने कालवायचं आणि एक मिनिट स्लाईड हलकी फिरवत राहायची. सीरममध्ये त्या जंतूविरुद्धच्या अँटिबॉडी असतील तर दाणे धरतात. मग ८० मायक्रोलिटर, ४०, २०, १०, ५ असं सीरम कमी करत जायचं आणि दाणे कुठपर्यंत दिसतात ते बघायचं. १० ला दिसले आणि ५ ला नाही तर १:१६०. मिनिटाच्या वर स्लाईड ठेवली की कडेने सुकायला लागते आणि सुकलेलं पण दाण्यासारखंच दिसतं, म्हणून मी घड्याळ लावल्याशिवाय विडाल वाचत नाही. घाईच्या वेळी पाच स्लाईड एकदम मांडून शेवटची तीन मिनिटांनी वाचणारे लोक मी पाहिलेत आणि त्यांचा मला खरंच राग येतो, कारण त्या एका आकड्यावर पेशंटला आठवडाभर सुया लागतात.

पण घड्याळ लावून नीट वाचली तरी ती एवढंच सांगते की या माणसाच्या रक्तात अशा अँटिबॉडी आहेत. त्या आत्ताच्या तापाने आल्या, की दोन वर्षांपूर्वी कधीतरी येऊन गेलेल्या टायफॉईडच्या आहेत, की लसीच्या, की दुसऱ्याच कुठल्या तापात वाढल्या, हे ती सांगत नाही. आपल्याकडे टायफॉईड इतका पसरलेला की धडधाकट माणसाचं रक्त घेतलं तरी काहींचं १:८० येतं. खरं तर सात-दहा दिवसांनी दुसरं सॅम्पल घेऊन चौपट वाढ दिसली तर त्याला अर्थ. दुसऱ्या सॅम्पलला कोण येतं? आणि ब्लड कल्चर, म्हणजे रक्तातला जंतू उगवून बघायची टेस्ट करावी तर ते नागपूरला पाठवावं लागतं, पैसे जास्त, रिपोर्टला दिवस जातात, आणि बहुतेक पेशंट गावातूनच अँटिबायोटिक खाऊन आलेला असतो, म्हणजे जंतू असले तरी उगवायची शक्यता कमी. त्यामुळे सगळे विडालवर भागवतात, आम्हीही.

तर बाई ॲडमिट झाल्या, सेफ्ट्रिॲक्सोन हे अँटिबायोटिकचं इंजेक्शन सुरू झालं. ताप हटेना. डॉक्टर राऊंडला म्हणाले टायफॉईड मुरलेला आहे, वेळ लागेल. ते काही चुकीचं नाही, टायफॉईडमध्ये योग्य औषधावरही ताप उतरायला चार-सहा दिवस लागतात. मग पुन्हा सीबीसी आणि लिव्हरच्या टेस्ट सांगितल्या. प्लेटलेट ६८ हजारावर आलेल्या, एसजीपीटी बराच वाढलेला. डेंग्यू आधीच निगेटिव्ह होता.

रक्त घ्यायला मीच वॉर्डात गेलो होतो. सून त्यांचे केस बांधत होती आणि मानेमागे, केसांच्या जरा खाली, मला ती खपली दिसली. करंगळीच्या नखाएवढी, काळी, कोरडी, कडेने लालसर गोल, एखाद्याने सिगारेटचा चटका द्यावा तशी. पू नाही, ओल नाही. विचारलं दुखतं का, तर त्या म्हणाल्या, "मले तं मालूमच नाही जी, काई दुखतबिखत नाही." न दुखणारी काळी खपली, गवतातलं काम, पावसाळ्याचा शेवट, ताप, प्लेटलेट कमी, लिव्हरचा आकडा वाढलेला. २०१८ साली विदर्भात स्क्रब टायफसने माणसं गेली तेव्हापासून हे चित्र माझ्या डोक्यात पक्कं आहे. गवतातल्या बारीक किड्याच्या अळ्या चावतात, चावलेलं कळतही नाही, जंतू आत जातो आणि चावल्या जागी बऱ्याचदा अशी खपली धरते. नेहमीच असते असंही नाही, आणि असली तर काखेत, जांघेत, कमरेच्या नाड्यापाशी, म्हणजे जिथे कोणी बघत नाही तिथे.

मी लगेच डॉक्टरांना फोन केला, म्हटलं सर मानेमागे खपली आहे, स्क्रबची आयजीएम, म्हणजे अँटिबॉडीची टेस्ट, पाठवायची का. ते म्हणाले, "विडाल पॉझिटिव्ह आहे ना आपली?" आहे म्हटलं. "मग ठीक आहे, बघू." माणूस वाईट नाही, रात्री दोन वाजता उठून पेशंट बघतो, शंभर पेशंटची ओपीडी एकटा ओढतो. पण त्यांच्याकडे उत्तर तयार होतं, आणि तयार उत्तर असलेल्या माणसाला मानेमागची खपली म्हणजे नुसती खपली. माझ्या हुद्द्याचा माणूस याच्या पुढे बोलू शकत नाही.

संध्याकाळी ताप हटत नाही म्हणून त्यांनी ॲझिथ्रोमायसिन हे दुसरं अँटिबायोटिक जोडलं. टायफॉईडसाठीच. दीड-दोन दिवसांत ताप गेला, बाई उठून बसल्या, जेवल्या. डिस्चार्जवर टायफॉईड लिहिलं गेलं. जाताना सून लॅबमध्ये आली आणि म्हणाली, "तुमच्या रिपोर्टनंच तं पकडला जी टायफाईड."

इथे मी अडकलोय. ॲझिथ्रोमायसिन टायफॉईडवर चालतं आणि स्क्रब टायफसवरही चालतं. सेफ्ट्रिॲक्सोन स्क्रबवर चालत नाही. आता बघा, ताप हटत नव्हता तेव्हा म्हणे मुरलेला टायफॉईड, ताप हटला तेव्हा म्हणे टायफॉईड बरा झाला. काय झालं असतं तर हा टायफॉईड नाही असं ठरलं असतं? मला तरी तसं काही दिसत नाही, आणि कुठल्याच निकालाने हलत नाही असं निदान किती धरून चालायचं?

आमच्याकडे शुगर तपासायला एक रिटायर झालेले संस्कृतचे सर येतात, त्यांना नाव-गाव न सांगता हे सगळं सांगितलं. ते म्हणाले न्यायदर्शनात, म्हणजे आपल्या जुन्या तर्कशास्त्रात, याचा फार बारीक विचार झालाय. न्यायसूत्रं लिहिणाऱ्या गौतमाने ज्या सोळा गोष्टी सांगितल्या त्यात प्रमाण (जाणायचं साधन), प्रमेय (जाणायची गोष्ट) आणि लगेच तिसरा संशय, म्हणजे शंका घेणं हा ज्ञानाच्या कामाचाच भाग धरलाय. धूर दिसला की डोंगरावर आग आहे म्हणता येतं, कारण आगीशिवाय धूर नसतो. पण आग आहे म्हणून धूर असणारच असं नाही म्हणता येत, तापून लाल झालेल्या लोखंडाच्या गोळ्यात आग असते, धूर नसतो. आणि जो हेतू, म्हणजे खूण, साध्य (जे सिद्ध करायचंय ते) असताना सापडतो तसा नसतानाही सापडतो, त्यावरून अनुमान करायचं नाही, तो सव्यभिचार. तुमची विडाल तीच, आणि तुमचा उतरलेला तापही तोच, असं ते म्हणाले. दुसरं वाक्य मला जास्त लागलं. विडालबद्दल मी आधीपासूनच कुरकुरत होतो, पण बरं वाटलं म्हणजे निदान बरोबर, हे मीही मनात सोडलं नव्हतं, फक्त माझ्या बाजूने वळवून घेतलं होतं, की ॲझिथ्रोने झटकन उतरला म्हणजे स्क्रबच.

कारण उलटीकडूनही बघावं लागतं. ताप गेला तो सेफ्ट्रिॲक्सोनच्या पाचव्या-सहाव्या दिवशी, म्हणजे टायफॉईड उतरायच्या अगदी रीतसर वेळेला. खपली काट्याची असू शकते, दुसऱ्या कशाच्या चाव्याची असू शकते. प्लेटलेट आणि एसजीपीटी टायफॉईडमध्येही बिघडतात. दोन्ही आजार एकदम असले तरी आश्चर्य नाही. स्क्रबची गोष्ट मला पटते त्यात ती खपली मी पाहिली याचा वाटा किती, हे मला ठरवता येत नाही.

बरी झाली ना, मग काय फरक पडतो, असं वॉर्डातली सिस्टर म्हणाली. फरक पडतो. त्याच वावरात आणखी बाया सोंगणीला जातात. त्यांच्यातली एखादी तापाने आली, विडाल तशीच १:१६० आली आणि नुसत्या सेफ्ट्रिॲक्सोनवर राहिली, तर स्क्रब फुफ्फुसात, किडनीत जातो आणि मग नागपूरला नेईपर्यंत वेळ राहत नाही. आणि कागदावर टायफॉईड लिहिलं की आरोग्य खात्याला त्या गावात स्क्रब आहे हे कळणारच कसं? त्यांच्या हिशोबात तो नाहीच. मग पुढच्या वर्षी कोणी टेस्ट सांगणार नाही, आणि टेस्ट नाही म्हणून आजार नाही.

अजून हे सोडवता येण्यासारखं आहे. स्क्रबची आयजीएम काही आठवडे तरी रक्तात सापडते, आणि विडाल पुन्हा केली तर आकडा वाढला, उतरला की तिथेच आहे ते कळेल. सून मार्केटला आली की मी विचारतो, दोन्ही टेस्टचे पैसे मी भरतो म्हणून सांगितलंय. ती म्हणते, "बरी हाय ना आता बुढी, मंग कायले टोचता जी?" मी तिला वावरातल्या बाकीच्या बायांचं सांगितलं, कोणाला ताप आला तर आधी काख, मान, कंबर बघा आणि खपली दिसली तर डॉक्टरला दाखवा. तेव्हा ती जरा थांबली. कापूस वेचणीतून मोकळी झाली की घेऊन येते म्हणाली आहे.