'देवाने जे जोडले' हे वचन नेमकं कुणाला ऐकवायचं?

आमच्या मंडळीतली, म्हणजे आमच्या चर्चमधली, एक मुलगी सासरहून परत आलीय, दोन लेकरं घेऊन. मुलगी म्हणते कारण संडे स्कूलला ती माझ्या वर्गात होती, नाहीतर आता तिशी ओलांडलेली बाई आहे ती. नवरा पितो, मारतो, पगार घरात देत नाही, आणि हे काही काल सुरू झालेलं नाही, मंडळीत बऱ्याच जणांना ठाऊक होतं. तर ती आल्यावर भेटायला म्हणून काही वडीलमंडळी तिच्या माहेरी गेली, प्रार्थना केली, चहा घेतला आणि जाता जाता बायबलच्या मत्तय १९ मधलं वचन ऐकवून गेली, "देवाने जे जोडले आहे ते माणसाने तोडू नये." अर्थ एकच, की बाई परत जा. तिनं मला फोन केला आणि विचारलं, टीचर, बायबलमध्ये खरंच असंच आहे का. फोनवर जमेल तेवढं सांगितलं पण माझंच समाधान होईना, म्हणून नीट लिहून काढतेय, तिच्यासाठी आणि तिच्यासारख्या बाकीच्यांसाठी पण, सोलापुरात काय कमी आहेत का.

वचन आहे, आणि मी ते मनापासून मानते. पण ते येशू कुणाला बोलला ते बघा ना. परुशी, म्हणजे नियमशास्त्र काटेकोर पाळणारे यहूदी, आले आणि त्यांनी विचारलं की कोणत्याही कारणावरून बायकोला टाकलं तर चालतं का. प्रश्नच पुरुषांच्या सोयीचा. जुन्या करारातल्या अनुवाद या पुस्तकाच्या २४ व्या अध्यायात सूटपत्राचा, म्हणजे घटस्फोटाच्या कागदाचा, विषय आहे, नवऱ्याला बायकोत काही अनुचित दिसलं तर सूटपत्र लिहून तिच्या हातात द्यायचं आणि घरातून लावून द्यायचं. आता अनुचित कशाला म्हणायचं यावर यहूदी गुरूंमध्ये मोठा वाद होता, शम्माईचे शिष्य म्हणायचे की फक्त बदफैली असेल तरच, आणि हिल्लेलचे शिष्य म्हणायचे की तिनं जेवण बिघडवलं तरी पुरे. म्हणजे कालवण करपलं की बाई रस्त्यावर. येशू त्या वादात शिरलाच नाही, तो सरळ उत्पत्तीवर गेला, नर आणि नारी, दोघं एकदेह, आणि मोशेनं ती मुभा दिली ती तुमच्या अंतःकरणाच्या कठोरपणामुळे, असं तोंडावर सांगितलं. तोंडावर म्हणजे टाकणाऱ्यांच्या. ज्या काळात टाकलेल्या बाईला ना शेत ना घर ना मान, त्या काळात हे वचन बाईला बाहेर काढणाऱ्या पुरुषाचा हात धरायला बोललं गेलं, आणि आपण आज तेच वचन मार खाऊन आलेल्या बाईला परत त्या घरात ढकलायला वापरतो! माझा सगळा राग एवढ्याच गोष्टीचा आहे.

जुन्या करारातलं मलाखी २:१६ पण असंच अर्धं वाचतात. देवाला सूटपत्राचा तिटकारा आहे हे सगळ्यांना पाठ असतं, लग्नाच्या उपदेशात हमखास येतं. पण मराठी बायबल उघडून तीच ओळ पुढं वाचा, जुलूम करणाऱ्याचाही तिटकारा तिथंच लिहिलाय, त्याच श्वासात. आजवर किती लग्नांना गेले असेन मी, पण पुढचा अर्धा भाग कुणी मोठ्यानं वाचलेला मला तरी आठवत नाही.

आता सूट आहे की नाही, हा पुढचा प्रश्न. मार्क १० आणि लूक १६ मध्ये येशूचं बोलणं अगदी कडक आहे, टाकून दुसरीशी लग्न केलं तर तो व्यभिचार, बास. मत्तयमध्ये मात्र ५ व्या आणि १९ व्या अशा दोन्ही अध्यायांत व्यभिचाराचं कारण वगळलेलं आहे. आणि मग पौल, सुरुवातीच्या मंडळ्यांना पत्रं लिहिणारा प्रेषित. १ करिंथ ७, म्हणजे करिंथच्या मंडळीला लिहिलेल्या त्याच्या पहिल्या पत्राचा सातवा अध्याय, मला फार आवडतो कारण त्यात पौल इतका प्रामाणिक आहे की विचारू नका. एका ठिकाणी म्हणतो हे मी नाही प्रभू सांगतो, पुढं म्हणतो हे प्रभू नाही मी सांगतो, आणि कुमारिकांचा विषय आला की सरळ कबूल करतो की मला प्रभूची आज्ञा नाही, मी माझं मत देतो. बायकोनं नवऱ्याला सोडू नये असं तो सांगतो, पण लगेच पुढं असंही लिहितो की वेगळी झालीच तर तिनं लग्नाशिवाय राहावं किंवा समेट करावा, म्हणजे बाई वेगळी होऊ शकते हे त्यानं धरूनच चाललंय, आणि तशा बाईला मंडळीबाहेर काढा असं कुठंही म्हणत नाही. आणि विश्वास न ठेवणारा जोडीदार स्वतःहून निघून गेला तर जाऊ द्या, अशा वेळी भाऊ किंवा बहीण बांधलेली नाही, देवानं आपल्याला शांतीत राहायला बोलावलंय, असं तो लिहितो.

हे आपल्या महाराष्ट्रात प्रत्यक्ष घडलेलं आहे. रेव्हरंड ना. वा. टिळकांनी १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतला तेव्हा लक्ष्मीबाई हिंदूच होत्या, काही वर्षं दोघं वेगळे राहिले, त्यातला काही काळ लक्ष्मीबाई आपल्याच जिल्ह्यात पंढरपुरात होत्या, आणि पुढं त्या स्वतःच्या पायानं परत गेल्या आणि स्वतःला पटल्यावरच त्यांनी बाप्तिस्मा घेतला. पण प्रत्येक घरात असं झालं नाही. नवरा किंवा बायको ख्रिस्ती झाली म्हणून जोडीदारानं कायमचं टाकलं अशी माणसं त्या काळी इतकी होती की १८६६ मध्ये इंग्रज सरकारला धर्मांतरितांच्या विवाहविच्छेदाचा वेगळा कायदाच करावा लागला. करिंथच्या पत्रातली परिस्थिती जशीच्या तशी हिंदुस्थानच्या कायद्यात आली.

चर्चच्या परंपरेत तर एकमत कधीच नव्हतं, हे आपल्या लोकांना कुणी सांगतच नाही. ऑगस्टिन या जुन्या ख्रिस्ती धर्मपंडितानं साधारण ४०१ मध्ये लग्नाची तीन भली फळं सांगितली, संतती, एकनिष्ठा आणि न तुटणारं पवित्र बंधन, आणि कॅथलिक शिकवण आजही त्याच पायावर उभी आहे. त्यांच्यात घटस्फोट नाही, विवाह मुळातच वैध नव्हता असं चर्चचं न्यायालय ठरवू शकतं, आणि पोप फ्रान्सिस यांनी २०१५ मध्ये ती पद्धत बरीच सोपी केली. पण भारतात त्या निकालानं कायद्यानं लग्न संपत नाही, कोर्टात जावंच लागतं, हे लक्षात ठेवा, यात पुष्कळ जण फसतात. ऑर्थोडॉक्स चर्च दुसरं आणि तिसरंसुद्धा लग्न लावतं पण पश्चात्तापाच्या सुरात, चौथं नाही. आपल्या प्रोटेस्टंट वडिलांनी, म्हणजे लूथर आणि कॅल्विन यांनी, व्यभिचार आणि टाकून जाणं या दोन कारणांवर घटस्फोट मान्य केला आणि १६४६ च्या वेस्टमिन्स्टर विश्वासपत्रात ते लेखी आलं. आणि सगळ्यात महत्त्वाचं, जी कॅथलिक मंडळी या बाबतीत सर्वात कडक, त्यांच्या १९८३ च्या नियमसंहितेत कलम ११५३ आहे, की जोडीदारापासून जिवाला किंवा आत्म्याला, स्वतःच्या किंवा लेकरांच्या, गंभीर धोका असेल तर दुसऱ्यानं वेगळं व्हायला रीतसर कारण आहे. मग आपण, जे लूथरचं नाव घेतो, ते त्यांच्यापेक्षा कडक कधीपासून झालो?

कायद्याचं थोडक्यात सांगते. आपल्याला १८६९ चा डिव्होर्स ॲक्ट लागू आहे. २००१ पर्यंत त्यात नवऱ्याला बायकोचा व्यभिचार दाखवला की पुरे होतं, पण बायकोला नुसता व्यभिचार दाखवून भागत नव्हतं, त्याच्या जोडीला क्रूरता किंवा दोन वर्षं टाकून देणं असं काहीतरी सिद्ध करावं लागायचं, आणि एवढं करून जिल्हा कोर्टानं डिव्होर्स दिला तरी हायकोर्टाच्या मंजुरीशिवाय तो पक्का नाही. सोलापूरच्या बाईनं मुंबईच्या निकालाची वाट बघत बसायचं. १३२ वर्षं हे असं चाललं. विचार करा आपल्या आज्या, पणज्या, किती जणी कोर्टाची पायरीच चढल्या नसतील. २००१ च्या दुरुस्तीनं दोघांना सारखी कारणं मिळाली, क्रूरता हे एकटं कारण पुरेसं झालं, आणि संमतीनं वेगळं होण्याची सोय आली. काही बायका केरळातून कोर्टात लढल्या, चर्चमधली माणसं पण त्यांच्या बाजूनं बोलली, तेव्हा कुठं हे झालं.

आता दुसरी गोष्ट, जी मला स्वतःला लागते. मी लग्न केलेलं नाही. मंडळीत दर कार्यक्रमाला कुणीतरी हात धरून म्हणतंच, सिस्टर तुमच्यासाठी प्रार्थना चालू आहे हं. चांगल्या मनानं म्हणतात, मला माहीत आहे, पण नवा करार अविवाहित माणसाकडं बिचारी म्हणून बघतच नाही. येशू स्वतः अविवाहित. पौल एकटा, आणि म्हणतो मी जसा आहे तसे सगळे असते तर बरं झालं असतं, पण प्रत्येकाचं कृपादान वेगळं. मत्तय १९ मध्ये घटस्फोटाचं बोलणं संपतं तिथंच लगेच स्वर्गाच्या राज्याकरता लग्न न करणाऱ्यांचं बोलणं सुरू होतं, एका अध्यायात, एका बैठकीत. आणि पेत्राला सासू होती, त्याअर्थी बायको होती, म्हणजे दोन्ही वाटा पहिल्यापासूनच आहेत. पुढं पश्चिमेकडच्या चर्चनं लग्न न करणं पाळकांवर सक्तीचं केलं, ११३९ च्या लॅटरन परिषदेत तर त्यांची लग्नंच अवैध ठरवली, आणि १५६३ ला ट्रेंटच्या परिषदेत ब्रह्मचर्य लग्नाहून वरचं असं पक्कं झालं. लूथरनं त्याच्या उलट १५२५ मध्ये काटारीना फोन बोरा या माजी ननशी लग्न केलं, आणि त्याचं मला कौतुकच आहे, पण तेव्हापासून प्रोटेस्टंट घरांत लग्न हाच एक नमुना होऊन बसला. पाळक अविवाहित असला की आपल्या कमिटीच्या कपाळाला आठ्या. नवरा-बायकोच्या नात्यावरच्या इफिस ५ वर दरवर्षी उपदेश, १ करिंथ ७ वर एकदाही नाही.

सोलापूरकराला हे खरं तर परकं वाटायला नको. जानेवारीत गड्ड्याच्या यात्रेत अक्षता सोहळा असतो, सिद्धरामेश्वर योगी, लग्न न करणारे, कुंभारकन्येनं लग्नाचा हट्ट धरला तेव्हा त्यांनी योगदंडाशी लग्न लावायला सांगितलं अशी कथा आहे, आणि आजही सगळं शहर पांढऱ्या कपड्यांत त्या लग्नाला जातं. तो त्यांचा विश्वास, आपला वेगळा, पण देवासाठी एकटं राहिलेल्या माणसाचा मान या गावाला कळतो. आणि आपल्या मंडळीचाच इतिहास बघा, अमेरिकन मराठी मिशनच्या अविवाहित बायकांनी इथं मुलींच्या शाळा चालवल्या, आमच्या घराण्यात पहिल्यांदा वाचायला शिकलेली बाई अशाच शाळेत शिकली. पंडिता रमाबाई १८८२ मध्ये विधवा झाल्या, पुन्हा लग्न केलं नाही, आणि पुण्याला जाताना रेल्वेतून जे केडगाव लागतं तिथं टाकलेल्या, विधवा झालेल्या हजारो बायका-मुलींना त्यांनी घर दिलं. त्यांना कुणी सांगितलं नव्हतं की आधी परत सासरी जा.

मी कमिटीला लेखी अर्ज देणार आहे. मागणी साधी आहे. लग्नाआधीच्या काउन्सेलिंगमध्ये मलाखीची ती ओळ पूर्ण वाचायची. मारहाणीची तक्रार आली तर समेटाची प्रार्थना करायच्या आधी बाई आणि लेकरं कुठं झोपणार आहेत ते विचारायचं, आणि दोन जणांनी जाऊन नवऱ्याला जाब विचारायचा, कारण आत्तापर्यंत त्याच्या घरी कुणी वचन घेऊन गेलेलंच नाही. वेगळ्या झालेल्या बाईला प्रभुभोजनाला बसताना कुणी अडवायचं नाही.

आणि तिच्यासाठी, जी हे वाचतेय: घरगुती हिंसाचाराचा २००५ चा कायदा सगळ्या धर्मांच्या बायकांना लागू आहे, त्यात डिव्होर्स न घेता पण संरक्षण, राहायची जागा आणि खर्च मागता येतो. वकिलाच्या फीची काळजी करू नको, जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून बाईला मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो. रात्री अपरात्री काही झालं तर १८१ या महिला हेल्पलाइनला फोन लाव. पुढं डिव्होर्स घ्यायचा, वेगळं राहायचं, की तो खरंच सुधारला तर बघायचं, हे तू ठरव, सावकाश ठरव. सोमवारी कोर्टात जायचं असेल तर मी येते बरोबर, लेकरांना माझ्या घरी सोड.