पत्त्यांची वही, नोंद ९: ओळखणारे डोळे

मागची नोंद मार्चमध्ये लिहिली होती. तेव्हा ठरवलं होतं की ‘वर येणारा पत्ता’ दिवाळीपर्यंत लोकांसमोर करायचा. नवीन वाचणाऱ्यांसाठी सांगतो: समोरचा माणूस पत्त्यावर सही करतो, तो पत्ता कॅटच्या मधोमध जातो, चुटकी वाजते आणि तोच पत्ता सगळ्यात वर निघतो. पुन्हा मध्ये घालायचा, पुन्हा वर. तंत्र लिहिणार नाही, करणाऱ्यांना ते माहीत आहे.

दिवाळीची वाट न बघता मे महिन्यातच मी तो केला आणि फसलो. विजापूर रोडवरच्या एका मंगल कार्यालयात, मावसभावाच्या लग्नाच्या आदल्या रात्री. वीस-पंचवीस पाहुणे होते. पहिल्यांदा पत्ता वर आला तेव्हा टाळ्या पडल्या, दुसऱ्यांदा मावशी उठून जवळ आल्या. तिसऱ्या वेळी माझ्या डाव्या हाताला, जिन्याच्या पायरीवर उभा असलेला एक आठ-नऊ वर्षांचा मुलगा शांतपणे म्हणाला, “काका, मला दिसलं.” लोकांनी त्याच्याकडे लक्ष दिलं नाही, पण मला पुढे करवलं नाही. कॅट डबीत घालून मी जेवायला बसलो.

घरी आल्यावर विचार केला. सहा महिने मी आरशासमोर सराव करत होतो. आरशात एक मोठा धोका असतो. नेमक्या हालचालीच्या क्षणी आपले डोळे आपोआप मिटतात किंवा बाजूला वळतात. आपल्यालाच ती चोरी बघायची नसते. म्हणून आरशात हात कायम स्वच्छ दिसतो. मोबाईलवर रेकॉर्डिंग केलं तरी कॅमेरा एकाच जागी असतो, आणि तो मुलगा कॅमेऱ्याच्या जागी नव्हता.

शिवाय सोलापूरचा मे. पारा त्रेचाळीसला, आणि खिशात ठेवलेला कॅट घामाच्या ओलीने फुगतो, वाकतो. दोन पत्ते एकमेकांना असे चिकटतात की बोटांना एकाच्या जागी किती आहेत तेच कळत नाही. यावर एवढंच जमलं की कॅट पिशवीत ठेवायचा, खिशात कधीच नाही. आणि करण्याआधी हात साबणाने धुऊन पूर्ण कोरडे होऊ द्यायचे. हिवाळ्यात याच्या उलट होतं. हात इतके कोरडे पडतात की पत्ता घसरतो, तेव्हा थोडं क्रीम लावावं लागतं.

पण खरी अडचण घामाची नव्हती. माझा हात बघणारं आणि खरं सांगणारं माणूस मला नव्हतं. मग प्रश्न पडला की ज्यांनी हे आयुष्यभर केलं, त्यांना ही माणसं कुठे मिळाली? जून-जुलै त्यातच गेले. रात्री दुकानं बंद झाल्यावर एक तास पत्ते आणि एक तास वाचन.

लंडनचं मॅजिक सर्कल, म्हणजे जादूगारांचा क्लब, १९०५ साली सुरू झालं, तेही एका हॉटेलात. वॉर्डर स्ट्रीटवरच्या पिनोलीज रेस्टॉरंटमध्ये तेवीस जण जमले होते. काही पोटासाठी जादू करणारे, काही माझ्यासारखे हौशी. मार्टिन चॅपेंडर नावाचा एक तरुण जादूगार त्याच सुमाराला, अवघ्या पंचविशीत वारला होता. क्लबला त्याचंच नाव द्यावं असं आधी ठरत होतं. मग कोणाच्या तरी लक्षात आलं की ‘मॅजिक सर्कल’चीही आद्याक्षरं तीच, एम आणि सी. म्हणजे नाव क्लबचं आणि आठवण मित्राची. हे वाचून मी बराच वेळ तसाच बसलो. पहिली रीतसर बैठक सोहोमधल्या ग्रीन मॅन नावाच्या पबमध्ये झाली. आज त्यांची स्वतःची इमारत आहे, युस्टन स्टेशनजवळ, आत छोटं थिएटर आणि संग्रहालय. पण सुरुवात जेवणाच्या टेबलाभोवतीच झाली.

त्यांचं ब्रीद लॅटिन आहे, त्याचा अर्थ साधारण ‘गुपित बोलून न दाखवणारा’. आत जायला आधीच्या सभासदांनी नाव सुचवावं लागतं, मुलाखत होते आणि मग प्रयोग करून दाखवावा लागतो किंवा प्रबंध लिहावा लागतो. राजघराण्यालाही सूट नव्हती. १९७५ साली प्रिन्स चार्ल्स, म्हणजे आताचे राजे, यांनी वाट्या आणि गोळ्यांचा खेळ करूनच प्रवेश मिळवला. हाच खेळ आपल्याकडे गड्ड्याच्या यात्रेत जमिनीवर फडकं पसरून केला जायचा, लाकडी वाट्या आणि कापडाच्या गोळ्या घेऊन. सिद्धेश्वराच्या याच यात्रेत मी तो पहिल्यांदा बघितला तेव्हा सहा-सात वर्षांचा होतो. बाबांच्या खांद्यावरून उतरून पुढे बसलो होतो, आणि त्या माणसाने गोळी माझ्याच मुठीत दिली होती. मी मूठ घट्ट आवळली होती. उघडली तेव्हा आत दोन गोळ्या. या छंदाचा उगम विचाराल तर तिथे आहे.

गुप्ततेचा नियम किती कडक होता ते डेव्हिड डेव्हंटच्या गोष्टीवरून कळतं. तो सर्कलचा पहिला अध्यक्ष आणि त्या काळातला इंग्लंडचा सर्वांत मोठा जादूगार. उतारवयात त्याने स्वतःच्या, स्वतः शोधलेल्या युक्त्या पुस्तकात छापल्या, आणि त्याच्याच संस्थेने त्याला काढून टाकलं. तेव्हा तो आजाराने जखडला होता, हात चालत नव्हते. नियम समजतो, पण हे मला पटत नाही. ज्याचे हात थांबलेत त्याने हातातलं कागदावर ठेवून जावं, यात चोरी कसली?

दुसरी गोष्ट मला अजून मोठी वाटते. १९९१पर्यंत सर्कलमध्ये बायकांना प्रवेशच नव्हता. जेनी विन्स्टनली नावाच्या जादूगार बाईंनी एक बेत आखला. सोफी लॉईड या नटीला त्यांनी तयार केलं. विग, अंगावर भराव, बदललेला आवाज. सोफीने रेमंड लॉईड नावाचा अठरा वर्षांचा मुलगा होऊन परीक्षा दिली आणि पास झाली. हात बायकी दिसू नयेत म्हणून तिने तो सगळा प्रयोग हातमोजे घालून केला. हातचलाखी, आणि तीही मोजे घालून! त्याच वर्षी सर्कलने बायकांना दार उघडायचं ठरवलं. सोफीने खरं सांगून टाकलं, तर तिलाच फसवणुकीबद्दल काढून टाकलं. फसवण्याची कला शिकवणाऱ्या संस्थेने. २०२५च्या एप्रिलमध्ये तिला सन्मानाने परत घेतलं, पण विन्स्टनलीबाई ते बघायला नव्हत्या. २००४मध्येच त्या अपघातात गेल्या होत्या.

ही गोष्ट मी भाचीला सांगितली. ती इंजिनिअरिंगच्या दुसऱ्या वर्षाला आहे आणि नाण्याचं काम माझ्यापेक्षा चांगलं करते. ऐकून झाल्यावर तिने स्कूटीच्या डिकीतून उन्हाचे हातमोजे काढले, ते पांढरे सुती, बोटांपासून कोपरापर्यंत येणारे. ते घातले आणि दहाचं नाणं उजव्या तळव्यात धरून डावा हात रिकामा दाखवायचा प्रयत्न केला. नाणं खाली. पुन्हा खाली. कातडीला नाण्याची कड कळते, सुताला कळत नाही. तळव्याचे दोन फुगीर भाग नाण्याला कुठे चिमटतात ते मोज्याच्या आत समजतच नाही. अकराव्या वेळी नाणं टिकलं, पण हाताची मूठ दिसत होती, हात सैल नव्हता. “मामा, त्या बाईने हे परीक्षकांसमोर केलं?” एवढंच म्हणाली आणि मोजे काढून तासभर सराव करत बसली.

नाण्यांबद्दल एक कामाची गोष्ट. बहुतेक धडे अमेरिकन अर्ध्या डॉलरवर बेतलेले असतात. ते नाणं ३०.६ मिलिमीटरचं. आपलं दहाचं २७ मिलिमीटरचं, त्यामुळे शिकवतात त्या जागी धरलं तर लहान हातालाही सैल पडतं. ते बोटांच्या मुळाकडे किंचित सरकवून धरावं. वीसचं नाणंही २७चंच आहे, पण बारा कोनांचं आणि थोडं जड. कोनामुळे तळव्यात पकड चांगली येते. भाची आता वीसवरच शिकते आहे आणि मग दहावर येणार आहे.

मॅजिक सर्कलच्या गोष्टी परीक्षेच्या आणि दाराच्या आहेत. मला जे हवं होतं ते हॉलिवूडच्या मॅजिक कॅसल या जादूगारांच्या क्लबमध्ये सापडलं. १९०९ साली रॉलिन लेन नावाच्या बँकरने फ्रँकलिन ॲव्हेन्यूवर बांधलेला हा बंगला. पुढे त्यात वेगवेगळ्या खोल्या करून त्या भाड्याने दिल्या गेल्या, रया गेली. मिल्ट लार्सन टीव्हीसाठी लिहायचा. त्याच्या नवव्या मजल्यावरच्या ऑफिसातून तो बंगला दिसायचा. त्याचे वडील विल्यम लार्सन हौशी जादूगारांमध्ये मोठं नाव. जादूगारांची एक संस्था त्यांनी १९५२ साली काढली होती, पण तिला स्वतःचं घर नव्हतं. १९६१मध्ये मिल्टने मालकाशी बोलणी केली आणि डागडुजीला लागला. शहरात जुन्या इमारती पाडल्या जात होत्या. तिथली दारं, चौकटी, कोरीव लाकूड तो उचलून आणायचा. २ जानेवारी १९६३ला कॅसल उघडला. आजही आत जायचं तर पुस्तकांच्या फळीवरच्या घुबडासमोर ‘खुल जा सिमसिम’ म्हणावं लागतं, मग फळी सरकते.

आपल्याकडे गिरण्या बंद पडल्या तेव्हाचं लाकूडही असंच विकलं गेलं. आमच्या रविवारच्या टेबलाची फळी अशाच एका भंगारवाल्याकडची आहे, एका कडेला अजून तेलाचा काळा डाग आहे.

पण कॅसलचं मोल मला त्या दारात वाटत नाही. त्याच १९६३ साली डाय व्हर्नन तिथे आला. वय सत्तरीला टेकलेलं. जन्म कॅनडातल्या ओटावाचा, तारुण्यात कागदाच्या छायाकृती कापून पोट भरलेलं. १९२२ साली शिकागोत याने हुडिनीला, म्हणजे त्या काळच्या सगळ्यात नावाजलेल्या जादूगाराला, वर येणारा पत्ताच दाखवला होता. कुठलाही खेळ तीनदा बघितला की ओळखतो, ही हुडिनीची बढाई. पुन्हा पुन्हा बघूनही त्याला तो ओळखता आला नाही. असा माणूस कॅसलमध्ये आला आणि पुढची पंचवीसहून जास्त वर्षं तिथेच बसून राहिला. १९९२ला ९८व्या वर्षी गेला. लोक त्याला ‘प्रोफेसर’ म्हणायचे. कोणीही पोरगा कॅट घेऊन समोर यायचा आणि व्हर्नन बघायचा. लॅरी जेनिंग्ज प्लंबिंगची कामं करत करत त्याच्या पायाशी शिकला आणि पत्त्यातला मोठा माणूस झाला. व्हर्ननचा आग्रह एकच असायचा: हात रोज जसा चालतो तसाच चालू दे.

म्हणजे कुंपण गुपितासाठी असेल, पण आत एक म्हातारा बसून पोरांचे हात बघतो, त्यासाठी क्लब लागतो.

जुलैच्या दुसऱ्या रविवारपासून आम्ही पाच जण बसतो. जागा माझीच, अशोक चौकाच्या अलीकडच्या गल्लीत, वरची खोली. मी, भाची, एक रिक्षावाले काका जे दोरीचे खेळ करतात, एक शाळामास्तर आणि शेजारचे अण्णा. अण्णा जादू करत नाहीत. चाळीस वर्षं यंत्रमागावर होते. त्यांना मीच बोलावलं, कारण तुटलेल्या ताण्याची गाठ ते न बघता मारतात, आणि बोटांतलं त्यांना जेवढं कळतं तेवढं माझ्या ओळखीत कोणाला कळत नाही.

पहिल्या रविवारी अण्णांनी पत्त्यावर तेलुगूत सही केली, चौकटचा सत्ता. मी तीनदा वर आणला. ते गप्प. मग म्हणाले, “परत कर, बोलू नको.” न बोलता केलं. “पत्ता कुठून येतो ते मला माहीत नाही. पण तुझा उजवा अंगठा कामाच्या आधी थांबतो. धागा तुटायच्या आधी मागाचा आवाज बदलतो ना, तसा.”

हे कुठल्याच व्हिडिओत मला दिसलं नव्हतं. पायरीवरच्या त्या मुलाने बहुतेक तेच बघितलं असणार. तेव्हापासून फक्त अंगठ्यावर काम चाललं आहे. साधा पत्ता उलटताना अंगठा थांबत नाही, खेळातही तो तसाच न थांबता गेला पाहिजे. म्हणून रोज दोनशे वेळा नुसता एक पत्ता उलटतो, काहीही लपवाछपवी न करता. कंटाळा येतो, पण खरी हालचाल खोटीसारखी करण्यापेक्षा खोटी हालचाल खरीसारखी करणं यातूनच जमेल असं दिसतंय.

पत्ते पसरायला टेबलावर जी मॅट घालतो तिच्याबद्दल दोघांनी विचारलं होतं. टॉवेलच्या कारखान्यात हिशेब बघतो, त्यामुळे आधी टेरी कापडच लावून बघितलं. नको. त्याच्या फासांत पत्त्याचे कोपरे अडकतात आणि पसरलेली ओळ ठिकठिकाणी गठ्ठ्याने थांबते. मग आईची जुनी सोलापुरी चादर, धुऊन धुऊन मऊ झालेली, दुहेरी करून पातळ स्पंजवर ताणून बसवली, दोन फूट बाय दीड फूट. ओळ एकसारखी पसरते, नाण्याचा आवाज दबतो, पत्ता उचलताना नख खरडावं लागत नाही. नवीन चादर घेऊ नका, ती करकरीत असते.

सध्याची स्थिती: पहिले दोन टप्पे अण्णांसमोर तीन रविवार सलग स्वच्छ गेले. तिसऱ्यात अंगठा अजून दर चार-पाच वेळांत एकदा थांबतो. डावी बाजू झाकायला आता मी किंचित वळून उभा राहतो, आणि मास्तर मुद्दाम डावीकडे खालच्या स्टुलावर बसतात, त्या मुलाच्या उंचीवर. दिवाळीचं ठरलेलं तसंच ठेवलंय.

बैठकीला अजून नाव नाही. चौकटचा सत्ता टेबलाच्या खणात आहे. पुढच्या रविवारी भाची दहाचं नाणं दाखवणार आहे.